तिसरी जागा : मिळते कुणाला, आणि मोबदल्यात काय द्यावं लागतं?

टिपकागद

हल्ली एक वाक्य फार ऐकू येतं : "जुन्या संस्कृतींमध्ये तृतीयपंथीयांना मानाचं स्थान होतं, गोऱ्यांनी येऊन सगळं बिघडवलं." वाक्याचा दुसरा भाग बराचसा खरा आहे. पहिल्या भागाबद्दल माझी कुरकुर आहे, म्हणून हा धागा.

मानाचं स्थान होतं म्हणजे नेमकं काय होतं? पुरुष आणि स्त्री यांच्या पलीकडे ज्या ज्या समाजाने तिसरी जागा ठेवली, तिथे त्या जागेला काम जोडलेलं दिसतं. कुठे आईचं म्हातारपण सांभाळायचं, कुठे राजाची देवघरं, कुठे घराण्याचं वैर. काम करा आणि जागा घ्या, असा रोकडा व्यवहार. "तुला जसं जगावंसं वाटतं तसं जग" असं या समाजांनी कुणाला म्हटल्याचं मला तरी फारसं सापडत नाही.

मेक्सिकोपासून सुरुवात करतो. ओआहाका राज्यात, तेहुआन्तेपेकच्या संयोगभूमीवर हुचितान नावाचं झापोतेक लोकांचं शहर आहे. मुलगा म्हणून जन्मलेल्या पण बायकांच्या वळणाने वाढलेल्या माणसाला तिथे 'मुशे' म्हणतात. हुचितानचा बाजार बायकांच्या हातात, आणि बाजारात बायकांच्या शेजारी मुशे बसलेले. त्यांची खरी ख्याती भरतकामाची. तिथला हुईपिल म्हणजे आखूड, चौकोनी पोलकं. सणाचा हुईपिल काळ्या मखमलीवर तळहाताएवढाली फुलं रेशमाने भरून केलेला असतो. परकरासकट असा एक जोड पुरा व्हायला महिने जातात. चौकटीवर ताणलेल्या मखमलीवर वाकून बसलेले मुशे हे तिथलं रोजचं दृश्य. नोव्हेंबरात त्यांची 'वेला' असते, म्हणजे रात्रभर चालणारा जलसा. येणारा पुरुष बिअरचं खोकं घेऊन येतो, तीच त्याची वर्गणी. भरवणाऱ्या मंडळाचं नाव मोठं झोकात आहे : 'संकटांच्या शोधात निघालेल्या अस्सल निधड्या'. (नाव ठेवावं तर असं!)

आता घरात या. बाकीची भावंडं लग्न करून वेगळी होतात, मुशे आईजवळ राहतो. तोच तिचं दुखणंखुपणं बघतो, तिच्या हातात पैसे ठेवतो. मुशे पोर म्हणजे आईचं भाग्य, असं लोक बोलतात ते या हिशेबाने. स्वतःचा जोडीदार घेऊन वेगळं बिऱ्हाड करणं मात्र जुन्या रीतीत बसत नाही. बापाचा मार खाल्लेले मुशेही कमी नाहीत. २००३ मध्ये आमारांता गोमेस रेगालादो या मुशेने मेक्सिकोच्या संसदेची निवडणूक लढवली, तेव्हा जगभरच्या पत्रकारांनी हुचितानला स्वर्ग ठरवून टाकलं. त्याच वेलाच्या संस्थापकांपैकी एक, ओस्कार कासोर्ला, यांचा फेब्रुवारी २०१९ मध्ये खून झाला.

दुसरी गोष्ट सुलावेसी बेटाच्या दक्षिण भागातली, इंडोनेशियातली. तिथले बुगी लोक तीन नाही, पाच प्रकार मानतात. पुरुष, स्त्री, पुरुषासारखी राहणारी स्त्री म्हणजे चालालाई, स्त्रीसारखा राहणारा पुरुष म्हणजे चालाबाई, आणि पाचवा बिस्सू, ज्याच्यात दोन्ही आहे. लग्नकार्याची सगळी उस्तवार चालाबाई करतात. नवरीला नटवण्यापासून स्वयंपाकापर्यंत. बिस्सूंचं काम वेगळं. ते राजघराण्याच्या पवित्र वस्तूंचे राखणदार आणि पुरोहित. पांगकेप जिल्ह्यातल्या सेगेरीला ही पवित्र वस्तू म्हणजे एक नांगर आहे. पेरणीआधी बिस्सू तो बाहेर काढतात, वाजतगाजत शेतात नेतात, मग हंगाम सुरू होतो.

त्यांची कसोटीही बघण्यासारखी. ढोल घुमायला लागतात, बिस्सू फेर धरतात, फेर वाढत जातो. मग कमरेची कट्यार उपसून टोक स्वतःच्या गळ्याला लावायचं, तळहाताला लावायचं, आणि अंगाचा भार टाकून दाबायचं. पातं आत गेलं नाही तर देव अंगात आला. गेलं तर आला नाही. निकाल तिथल्या तिथे. हा 'मान' मला तरी फुकटचा वाटत नाही.

१९५० नंतर बुगी राजे गेले, पवित्र वस्तू कडीकुलपात गेल्या. त्याच सुमारास कहार मुझक्कर याचं धर्मराज्याचं बंड पेटलं. बिस्सूंना ठार केलं गेलं. वाचले त्यांच्यातल्या कित्येकांची डोकी भादरून त्यांना पुरुषांच्या कामाला जुंपलं. पुढे १९६५-६६ मध्ये 'पश्चात्ताप मोहीम' निघाली ती निराळीच. जे उरले ते आता पुष्कळदा चालाबाईंसारखीच लग्नांची कामं करून पोट भरतात. पोशिंदा गेला, काम गेलं, मग जागा कसली उरते?

तिसरी गोष्ट उलट्या दिशेची. उत्तर अल्बानियाचे डोंगर. लेक दुकाग्यिनीच्या नावाने चालणारा 'कानून' हा तिथला परंपरागत कायदा. पिढ्यान्पिढ्या तोंडी चालला, १९३३ मध्ये पुस्तकरूपाने छापला गेला. त्यात बाईला वारसा नाही, पंचायतीत आवाज नाही. तिच्यासाठी शब्द काय, तर 'ओझं सोसायची कातडी पखाल'. घराण्यातले पुरुष खूनखराब्यात संपले, किंवा ठरलेलं लग्न मुलीला नको असलं, तर एकच वाट होती. वडीलधाऱ्यांसमोर जन्मभर ब्रह्मचर्याची शपथ घ्यायची, केस कापायचे, पुरुषाचे कपडे चढवायचे. शपथ घेतली की ती 'बुर्नेशा'. बंदूक बाळगायची, तंबाखू ओढायची, पुरुषांच्या बैठकीत बसायचं, घरचा कर्ता व्हायचं. ठरलेलं लग्न मोडूनही वैर पेटत नसे, कारण ती कुणाचीच होणार नव्हती. इंग्रज प्रवासी एडिथ डरहॅमने १९०९ साली छापलेल्या वर्णनात अशा बुर्नेशा भेटतात. आता त्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या उरल्या आहेत.

इथे मनाचा कल, देहाची ओढ असलं काही कुणी विचारलेलं नाही. घराला पुरुष हवा होता, पुरुष नव्हता, मुलीला पुरुष केलं. किंमत : आयुष्यभर एकटं राहणं.

तर माझं म्हणणं इतकंच. तिसरी जागा म्हणजे मोकळीक नव्हे, नेमणूक. पटतंय का? नसेल पटत तर उदाहरणं घेऊन या.

शून्यमात्रा

वाचतोय. धागा वाचनखूण म्हणून साठवला. पखालीचा उल्लेख वाचून अंगावर काटा आला.

हेमाडपंथी

लेख छान, पण उत्तर अमेरिका कशी सुटली? तुमच्या मुद्द्याला तिथे आधारही मिळेल आणि सुरुंगही.

न्यू मेक्सिकोतल्या झुनी लोकांमध्ये वेव्हा नावाची व्यक्ती होऊन गेली. झुनी भाषेत अशा माणसांना 'ल्हामाना' म्हणत. उत्तम विणकर, उत्तम कुंभार, धर्मविधींची जाणकार, आणि अंगापिंडाने थोराड. १८८६ साली मटिल्डा स्टीव्हन्सन या अभ्यासक बाईंबरोबर वेव्हा वॉशिंग्टनला राहायला गेली. राजधानीतल्या मंडळींनी तिला 'झुनी राजकन्या' ठरवलं. ती बायकांच्या बैठकांना गेली, राष्ट्रीय संग्रहालयात माग मांडून लोकांसमोर विणकाम करून दाखवलं, अमेरिकेचे अध्यक्ष ग्रोव्हर क्लीव्हलंड यांना भेटून आली. हे सहा महिने कुणाला शंकासुद्धा आली नाही. खुद्द स्टीव्हन्सनबाईही कित्येक वर्षं तिला बाईच समजत होत्या.

वेव्हा १८९६ मध्ये गेली. बाईंनी अंत्यविधीचं वर्णन लिहून ठेवलं आहे. अंगावर सगळा बायकांचा पोशाख, पण त्याच्या आत पांढरा सुती पायजमा चढवला होता. ल्हामानाचं दफन दफनभूमीत पुरुषांच्या बाजूला होत असे. म्हणजे जन्मभर कपडे बायकांचे, काम दोन्ही प्रकारचं, आणि शेवटी दोन्ही खुणा बरोबर दिल्या. यात मला नेमणुकीपेक्षा काहीतरी जास्त दिसतं.

आता सुरुंग. मोंटानातल्या क्रो जमातीत अशा व्यक्तींना 'बाते' म्हणत. त्यांच्यात ओश-तिश प्रसिद्ध. तंबू शिवण्यात हात धरणारं कुणी नाही, शिवाय १८७६ च्या रोझबडच्या लढाईत हत्यार घेऊन उतरली होती. पुढे १८९० च्या दशकात सरकारने नेमलेल्या एका अधिकाऱ्याने बाते लोकांना कोंडलं, त्यांचे केस कापले, पुरुषी कपडे घालायला लावले आणि कचेरीच्या आवारात झाडं लावायच्या कामाला धाडलं. ही हकिकत क्रो लोकांनी तोंडोतोंडी जपली. पुढची हकिकत अशी की प्रेटी ईगल हा त्यांचा मुखिया उठला आणि त्या अधिकाऱ्याला म्हणाला, आमची वस्ती सोडून चालता हो. जमात आधीच मोडलेली, शिकार संपलेली, रेशन सरकारच्या हातात. अशा वेळी तंबू चांगले शिवते म्हणून कुणी एवढी जोखीम घेतो का?

नाडीपरीक्षा

दोन गोष्टींची गल्लत होऊ नये म्हणून लिहितो. शरीराने वेगळं असणं आणि समाजात वेगळी भूमिका घेणं, हे दोन निराळे विषय.

डॉमिनिकन रिपब्लिकमध्ये सालिनास नावाचं खेडं आहे. तिथे काही मुलं जन्मतात तेव्हा मुलीसारखी दिसतात, मुलगी म्हणूनच वाढतात आणि वयात येताना त्यांची शरीरं पुरुषाची होतात. कारण साधं आहे. टेस्टोस्टेरॉनचं रूपांतर डायहायड्रोटेस्टोस्टेरॉनमध्ये करणारं ५-अल्फा रिडक्टेज हे विकर (एन्झाइम) त्यांच्यात कमी असतं. गर्भात बाह्य अवयव घडायला हे दुसरं संप्रेरक लागतं, वयात येताना पहिलं पुरतं. ज्युलियान इम्पेराटो-मॅकगिन्ली यांनी १९७४ मध्ये हे प्रसिद्ध केलं. पाच वर्षांनी त्यांनीच लिहिलं की मुलगी म्हणूनच वाढलेल्या १८ जणांपैकी १७ जणांनी पुढे स्वतःला पुरुष मानलं. गावाने या मुलांसाठी एक वेगळं नावही ठेवलं होतं. बारा वर्षांचा झाल्यावर पुरुष, अशा अर्थाचं काहीसं.

जाता जाता : पुरःस्थ ग्रंथी (प्रोस्टेट) वाढल्यावर म्हातारे लोक घेतात ती फिनास्टेराइडची गोळी याच माहितीतून निघाली. सालिनासला त्यातून काय मिळालं ते विचारू नका.

पापुआ न्यू गिनीच्या सिम्बारी लोकांतही हाच विकार आढळतो, पण तिथे पुरुषत्वाचे दीक्षाविधी फार कडक. अशा मुलाला त्यांतल्या वरच्या पायऱ्या मिळायच्या नाहीत, तो अर्धवटच मानला जाई. शरीर तेच, विकर तेच, गाव बदललं की नशीब बदललं.

अर्धविराम

टिपकागद, तुमचा मुद्दा ऐकायला झकास आहे पण तो फक्त तिसऱ्या जागेला लागू होतो का? पुरुषाला मान कमावता झाल्यावर, बाईला मान मूल झाल्यावर. पहिल्या दोन जागाही नेमणुकाच होत्या की. जुन्या काळात 'आहेस तसा राहा' कुणालाच कुणी म्हटलेलं नाही. मग एकट्या मुशेच्या आणि बिस्सूच्या माथी व्यवहाराचा शिक्का का?

टिपकागद

अर्धविराम, पहिल्या दोन जागांनाही काम चिकटलेलं होतं, हे कबूलच. फरक काम चुकवल्यावर दिसतो. आळशी, नाकर्ता, दारुडा पुरुष हा वाईट पुरुष असतो. पण असतो पुरुषच. घर त्याचं, आडनाव त्याचं, मेल्यावर खांदे चार. देव अंगात न आलेला बिस्सू बिस्सू राहत नाही. शपथ मोडलेली बुर्नेशा तर कशातच उरत नाही. जुन्या काळी तिला जिवालाही मुकावं लागे. पहिल्या दोघांना जागा जन्मानेच मिळते, तिसऱ्याला ती रोज नव्याने सिद्ध करावी लागते. माझा आक्षेप एवढ्यापुरताच.

हेमाडपंथी, प्रेटी ईगलची गोष्ट जबरदस्त आहे. तंबूंसाठी कुणी जोखीम घेत नाही, मान्य. पण आमच्या माणसांचे केस कापणारा तू कोण, हा राग त्यात किती आणि बातेंबद्दलचा जिव्हाळा किती, ते वेगळं कसं काढायचं? त्याच काळात सरकारी शाळांमध्ये जमातीच्या सगळ्याच पोरांचे केस कापले जात होते.

हेमाडपंथी

वेगळं काढायची गरजच काय? आपल्या माणसांत त्याने बातेंना धरलं, हाच मुद्दा आहे ना!

कलमदान

इथे सगळे देवधर्म आणि सणसमारंभ बोलताहेत, मी कायद्याची बाजू मांडते. जुन्या धर्मशास्त्री लोकांनी या विषयावर किती बारीक कीस पाडलाय ते बघण्यासारखं आहे.

ज्यूंच्या मिश्ना या जुन्या धर्मनियमांच्या ग्रंथात 'अँड्रोगिनोस' म्हणजे दोन्ही लक्षणं असलेल्या व्यक्तीवर स्वतंत्र चर्चा आहे. ही व्यक्ती काही बाबतींत पुरुषासारखी, काही बाबतींत स्त्रीसारखी, काही बाबतींत दोघांसारखी आणि काही बाबतींत दोघांसारखी नाही, अशी मांडणी. पोशाख पुरुषासारखा करावा, लग्न करता येईल पण कुणाची पत्नी होता येणार नाही, असे बारीक बारीक नियम. लक्षणं झाकलेली असतील तर त्याला 'तुमतुम' म्हणून निराळा वर्ग.

मुस्लिम न्यायशास्त्रात 'खुंथा मुश्किल', म्हणजे ज्याचा निवाडा होत नाही अशी व्यक्ती. खरी पंचाईत वारशाची, कारण मुलाचा वाटा मुलीच्या दुप्पट. मग याला किती द्यायचं? हनफी पंथ म्हणाला, दोन्ही हिशेब करून जो कमी येईल तो द्या. दुसऱ्यांनी दोहोंची सरासरी काढली. नमाजात उभं कुठे राहायचं, तर पुरुषांच्या रांगांमागे आणि बायकांच्या पुढे.

यात टिपकागद म्हणतात तसं काम कुठे आहे? कुणी नाचायचं नाही, कुणी आशीर्वाद द्यायचा नाही. माणूस आहे, बाप मेला आहे, हिस्सा ठरवायचा आहे, बस. प्रेम नाही, पण हिशेबात धरलंय. मला हे कोरडेपण आवडतं, खरं सांगायचं तर.

सुलभाताई

कलमदान, तुझी पोस्ट वाचून बरं वाटलं. एरवी या विषयावर सगळे एकतर डोळे पुसतात नाहीतर नाक मुरडतात.

युरोपात असं काही नव्हतंच, असा समज असेल तर नेपल्सचे 'फेमिनिएल्ली' बघा. जुन्या वस्त्यांत बायकांमध्ये राहणारे, बाईसारखे नटणारे पुरुष. नवं बाळ त्यांच्या हातात दिलं की त्याचं नशीब उघडतं, अशी समजूत. तिथला तोंबोला हा आकड्यांचा खेळ असतो, त्याचे आकडे पुकारायला त्यांना बसवायचं, आणि ते प्रत्येक आकड्याला चावट गोष्ट जोडत जातात. दर २ फेब्रुवारीला मोंतेव्हेर्जिने डोंगरावरच्या मरियमच्या देवळात ढोलकं बडवत त्यांची जत्रा जाते. या मरियमला लोक 'काळी आई' म्हणतात. चर्चच्या राज्यात हे चालतं! आणि हे कधीपासूनचं म्हणाल तर सिबिली देवीच्या पुजाऱ्यांपर्यंत लोक धागा नेतात. त्या देवीला रोमने इसवी सनापूर्वी २०४ मध्ये आशियातून आणलं. तिचे 'गाल्ली' पुजारी स्वतःला खच्ची करून घेत. रोमन नागरिकाला मात्र हे करायला बंदी. देवी हवी, पुजारी परके असलेले बरे! नेपल्सशी थेट नातं सिद्ध करायला मात्र कुणाकडे पुरावा नाही, हेही सांगते.

वाकडी_मान

गोऱ्यांवर घसरायला टिपकागदना संकोच वाटतोय, मला नाही. १५१३ मध्ये पनामाच्या क्वारेक्वात बाल्बोआ या स्पॅनिश सरदाराला बायकांच्या वेषातले पुरुष दिसले, त्याने त्यांच्यावर शिकारी कुत्री सोडली. चाळीसेक माणसं फाडून काढली. पुढे त्याची चित्रंही निघाली. १८७१ मध्ये इंग्रजांनी हिंदुस्थानात गुन्हेगार जमातींचा कायदा केला, त्याच्या दुसऱ्या भागात हिजड्यांची नोंदवही. स्त्रीवेषात रस्त्यावर दिसलं, नाचगाणं केलं, की अटक. सोळा वर्षांखालचं पोर जवळ असलं तरी गुन्हा. म्हणजे चेला करणंच बंद, परंपरा आपोआप मरावी म्हणून. याला नेमणूक म्हणायचं की बडतर्फी?

टिपकागद

बडतर्फीच. पण बडतर्फी करायला आधी नेमणूक असावी लागते हो. :)

गंमत सोडा. त्या कायद्याने नेमकं काय तोडलं? नाच, बिदागी, चेला. पोटापाण्याचे मार्गच. इंग्रजांना नीट कळलं होतं की ही जागा कामावर उभी आहे. शरीरावर बंदी घालायची गरजच पडली नाही.

गोधडी

मी बराच वेळ नुसती वाचत होते. मला एक वेगळीच शंका येतेय.

ही सगळी वर्णनं लिहिली कुणी? डरहॅम, स्टीव्हन्सन, मिशनरी, सरकारी अधिकारी, पुढे विद्यापीठांतले संशोधक. परका माणूस गावात येतो, वेगळं काही दिसलं की पहिला प्रश्न कोणता विचारतो? "हे लोक काय करतात?" गाव सांगतं, भरतात, नाचतात, आईला सांभाळतात. वहीत कामं उतरतात. "तुला कसं वाटतं" हे विचारण्याएवढी त्याला भाषा येत नसते, आणि त्या माणसानेही परक्यापुढे मन का उघडावं? मग शंभर वर्षांनी आपण त्या वह्या वाचून म्हणायचं की या लोकांना फक्त कामंच होती!

ओमानच्या सोहार शहरात उन्नी विकान यांनी १९७० च्या दशकात 'खनिथ' म्हणजे बायकी वळणाने राहणाऱ्या पुरुषांचा अभ्यास केला. निष्कर्ष काढला की पुरुषांच्या वासनेला वाट मिळावी आणि घरच्या बायका सुरक्षित राहाव्यात यासाठी समाजाने ही जागा राखली आहे. त्यावर मानववंशशास्त्रज्ञांत मोठी जुंपली. सामोआच्या 'फाआफाफिने'बद्दल (मुलगा म्हणून जन्मून बाईच्या वळणाने राहणारे) पॉल व्हेसी आणि त्यांचे सहकारी सांगतात की ते भाचे-पुतण्यांचं इतर पुरुषांपेक्षा जास्त करतात. संशोधन चोख असेल. पण प्रश्नावलीच भाचे-पुतण्यांची असेल तर उत्तर दुसरं काय येणार?

टिपकागद

गोधडी, धाग्यातला सगळ्यात वजनदार प्रतिसाद. वह्यांच्या मर्यादा आहेतच. तरी कट्यारीची कसोटी किंवा शपथ ही काही परक्याने विचारली म्हणून तयार झाली नाही. ती गावाचीच अट होती.

आणि सामोआचं नाव काढलंत तर एक उदाहरण माझ्याच विरोधात देतो. अमेरिकन सामोआचा फुटबॉल संघ २००१ मध्ये ऑस्ट्रेलियाकडून ३१-० ने हरला होता. जागतिक क्रमवारीत तळाशी. नोव्हेंबर २०११ मध्ये विश्वचषक पात्रता फेरीत त्यांनी टोंगाला २-१ ने हरवलं, त्यांचा या फेरीतला पहिलावहिला विजय. बचाव फळीच्या मधोमध खेळत होती जायाह साएलुआ, फाआफाफिने. या स्पर्धेच्या सामन्यात खेळलेली पहिली उघड ट्रान्सजेंडर खेळाडू म्हणून जगाने तिची दखल घेतली. तिथे कुणाची सेवा नव्हती की आशीर्वाद नव्हता. चेंडू अडवायचा होता, अडवला. संघातल्या पोरांनाही त्यात विशेष काही वाटलं नव्हतं, लहानपणापासून शेजारीपाजारी बघितलेलं.

अर्धविराम

म्हणजे झालं की! जिथे सवय आहे तिथे वेगळं काम लागत नाही.

वाकडी_मान

सवय असूनही कायदा असतोच. स्वतंत्र सामोआत पुरुषाने बाईचं सोंग घेणं २०१३ पर्यंत गुन्हा होता. तिकडे थायलंडचं बघा. गल्लोगल्ली काथोय (मुलगा म्हणून जन्मून बाईसारख्या राहणाऱ्या), दुकानात, टीव्हीवर, सगळीकडे. पण लष्करभरतीच्या सोडतीला काथोय गेली की तिला सूट देताना कागदावर 'कायमचा मानसिक आजार' असा शिक्का बसायचा. तोच कागद पुढे नोकरी मागताना दाखवायचा. २०११ मध्ये न्यायालयाने ती भाषा बदलायला लावली. ओळखपत्रावर लिंग मात्र आजही बदलून मिळत नाही. सवयीने एवढंच होतं, लोक वळून बघत नाहीत.

नस्तीउठाठेव

सगळं वाचलं, डोकं भणभणलं. माझा साधा प्रश्न. हल्ली फॉर्मवर तिसरा रकाना आला आहे ना? त्यात काम नाही, शपथ नाही, कट्यार नाही. मग टिपकागदांच्या हिशेबाने हीच इतिहासातली पहिली बिनशर्त तिसरी जागा झाली की नाही?

कलमदान

बिनशर्त कुठली? नेपाळच्या सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये सांगितलं की व्यक्ती स्वतःला काय मानते ते ग्राह्य. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ च्या निकालात तेच म्हटलं. २०१९ चा कायदा आला तेव्हा जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करून प्रमाणपत्र घ्यायची तरतूद झाली. जर्मनीने डिसेंबर २०१८ मध्ये तिसरी नोंद सुरू केली तीही वैद्यकीय दाखल्यावर. ती अट जायला २०२४ उजाडलं. कट्यारीच्या जागी दाखला आला, एवढाच फरक.

टिपकागद

कलमदान, हे वाक्य मी चोरणार.

नाडीपरीक्षा

रकान्याबद्दल अजून एक. २०११ च्या जनगणनेत भारतात 'इतर' या रकान्यात ४,८७,८०३ माणसं नोंदली गेली. त्यात शून्य ते सहा वयाची ५४,८५४ मुलं आहेत. या वयात मूल स्वतः काही सांगत नाही, म्हणजे नोंद घरच्यांनी सांगितली किंवा प्रगणकाने केली. यातली किती शरीराने वेगळी होती, किती नुसती लिहिण्यातली चूक, हे त्या तक्त्यावरून कळायला मार्ग नाही. सालिनासच्या १८ जणांबद्दल आपल्याला या ५४ हजारांपेक्षा जास्त माहिती आहे.

सुलभाताई

टिपकागद, सेगेरीचा तो नांगराचा विधी कधी असतो? आमच्या गटातल्या दोघीतिघी सुलावेसीला जायचं म्हणताहेत.

टिपकागद

ताई, पावसाळ्याच्या तोंडाशी, बहुधा नोव्हेंबरात. तारीख बिस्सूच ठरवतात, त्यामुळे तिकिटं काढण्याआधी तिथे कुणाला तरी विचारून घ्या. आणि फोटो काढायचे तर आधी परवानगी मागा.